जोड जुळवणारी शेजारीण

परवा व्हिडिओ कॉलवर तुम्ही दोघांनी विचारलंत, "आजी, तुझी ती जर्मन फ्रेंड कुठे गेली?" मी म्हटलं, दुसरीकडे राहायला गेली. ते खोटं नव्हतं, पण पुरतं खरंही नव्हतं. तिकडे ऑकलंडला तुमची शाळेची घाई होती, इथे अमेरिकेत, वेस्ट विंडसरला, माझी दुपारची चहाची वेळ होती, म्हणून तेवढ्यावर भागवलं. आता सगळं क्रमानं लिहून पाठवते. तुमची आई वाचून दाखवेल.

आमचा रस्ता पुढे जाऊन गोल वळतो आणि संपतो, हे तुम्ही पाहिलं आहे. त्या वळणावरचं शेवटचं घर त्यांचं. मी त्यांना बाई म्हणेन. वय नव्वदीच्या पुढे, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. एक मुलगा, तोही निवृत्त शिक्षक, तासाभराच्या अंतरावरून दर रविवारी यायचा. तो वाईट माणूस नव्हता, हे आधीच सांगते. पण त्या हिवाळ्यात त्याच्यापुढे एकच प्रश्न होता: आईला त्या घरात एकटं राहू द्यायचं, की विसरभोळ्या म्हाताऱ्या माणसांसाठी असतं तशा बंद दाराच्या जागी न्यायचं. बाईंचं म्हणणं एवढंच होतं की मी माझ्या घरातच मरेन.

आमची ओळख टपालपेटीपाशी झाली. लग्नाआधी मी पुण्यात जर्मन शिकले होते, आणि पुढे एका कारखान्याच्या परदेशी पत्रव्यवहार खात्यात बावीस वर्षं जर्मन यंत्रांची माहितीपत्रकं इंग्रजीत करत होते. म्हणजे मला जर्मनमधून पंपाबद्दल बोलता येई, हवापाण्याबद्दल नाही. मी जर्मनमधून नमस्कार केला तसा बाईंनी माझा हात धरला आणि विचारलं, "तुम्हाला वाचता येतं? हातानं लिहिलेलं?" त्यांना लांबचं चांगलं दिसे, पण बारीक अक्षर लागत नसे. त्यांच्याकडे चार जुन्या वह्या होत्या. त्या कोणीतरी मोठ्यानं वाचून दाखवाव्यात, एवढीच त्यांची इच्छा. तेव्हापासून मी रोज तीन वाजता जाऊ लागले. आम्ही एकमेकींना शेवटपर्यंत 'झी', म्हणजे आपल्याकडचं 'तुम्ही', असंच म्हणत होतो. नावानं हाक कधी मारली नाही. त्या मला 'नाखबारिन' म्हणत. शेजारीण.

वह्या सिनेमाच्या होत्या. युद्ध संपल्यावर बाई अठरा-एकोणीस वर्षांच्या असताना एका मोडक्या स्टुडिओत कामाला लागल्या. सिनेमा सलग काढत नाहीत, हे तुम्हाला ठाऊक असेल. माणूस दारातून बाहेर पडतो ते सोमवारी घेतात आणि तोच माणूस रस्त्यावर पाऊल ठेवतो ते तीन आठवड्यांनी. मधल्या काळात त्याची टोपी, बटणं, हातातल्या सिगारेटची लांबी, काहीही बदललं तर पडद्यावर चूक दिसते. ती चूक होऊ नये म्हणून एक मुलगी कॅमेऱ्याच्या बाजूला स्टुलावर बसते आणि सगळं लिहून ठेवते. ते काम बाईंचं. आपल्याकडे त्याला कंटिन्युइटी म्हणतात. जर्मनमध्ये त्या जुळण्याला शब्द आहे आनश्लुस, जोड. मी हा शब्द दोनच अर्थांनी शिकले होते. एक, एका गाडीतून उतरून दुसरी गाडी पकडणं. दुसरा इतिहासाच्या पुस्तकातला, हिटलरनं शेजारचा देश आपल्या देशाला जोडून टाकला तेव्हाचा. मी तो शब्द वाचताना अडखळले तशा बाई म्हणाल्या, "आम्ही दिवसातून चाळीस वेळा म्हणायचो. कोणाला काही वाटत नसे. तेच तर."

त्या वह्या वाचताना मला थंडी वाजे. स्टुडिओच्या छपराला भोकं होती. घरातला प्रसंग घेताना नटांच्या तोंडातून वाफ दिसायची, म्हणून बोलायच्या आधी त्यांना बर्फाचा खडा चोखायला देत. जेवणाच्या प्रसंगातल्या पावावर आणि बटाट्यांवर रॉकेल शिंपडून ठेवत, कारण नाहीतर कॅमेरा सुरू होण्याआधी ते संपून जात. वीज कधी जाईल ते सांगता येत नसे. कच्ची फिल्म इतकी कमी की प्रत्येक तुकडा एकदाच घ्यायचा, चुकला तरी तोच ठेवायचा. आणि बाहेर, शहरभर पडक्या घरांचे ढीग. सिनेमा त्या ढिगांमध्येच घडत होता. पण बायका रोज रांगेनं उभ्या राहून विटा साफ करून नेत होत्या. काल ज्या ढिगाऱ्यापुढे नायक रडला, तो आज अर्धा उरलेला असे. बाई त्या बायकांना हात जोडत, एवढा ढीग गुरुवारपर्यंत राहू द्या. एक म्हातारी त्यांना म्हणाली होती, "पोरी, तुला पडकं घर हवंय? माझं घेऊन जा." हे वाचलं की बाई हसत. तेवढंच एक ठिकाण होतं जिथे त्या हसत.

तिसऱ्या वहीत एका कोटाची नोंद होती. तिच्यापाशी मी थांबले, कारण त्या पानाचा कोपरा बोटं लागून लागून काळा झाला होता.

नायकाचं काम करणाऱ्या नटानं आपला ओव्हरकोट गावाकडे देऊन बटाटे आणले होते. चित्रण सुरू असताना. दुसरा कोट मिळेना. तेव्हा दिव्यांच्या खात्याच्या मुख्यानं आपला अंगावरचा कोट काढून दिला. मोठा भला माणूस, बाई म्हणाल्या, मला स्वतःच्या डब्यातलं सूप देत असे. कोट घालून नट दिव्यासमोर उभा राहिला आणि बाईंनी आपलं काम केलं. वहीत लिहिलं होतं: डाव्या कॉलरवर गोल गडद डाग, नाण्याएवढा, कापड तिथे विटलेलं नाही, पुढच्या प्रसंगात जुळवणे.

"मला कळलं नाही असं नाही," बाई म्हणाल्या. "तो डाग कशाचा असतो ते तेव्हा सगळ्यांना कळत होतं. हिटलरच्या पक्षाचा बिल्ला वर्षानुवर्षं लावला की खालचं कापड तसंच गडद राहतं. पण मी ते पाहिलं डाग म्हणून. माझं काम डाग पाहायचं होतं."

रोजच्या नोंदीची एक प्रत शहराचा ताबा घेतलेल्या सैन्याच्या अधिकाऱ्याकडे जाई. सिनेमात काम करायचं तर प्रत्येकाला एक लांबलचक प्रश्नावली भरावी लागे. कोट देणाऱ्या त्या माणसानं त्यात लिहिलं होतं की आपण पक्षात कधीच नव्हतो. आठ दिवसांनी दोन माणसं आली आणि त्याला घेऊन गेली. कोट नेता आला नाही, कारण प्रसंग अर्धा राहिला होता. जोड जुळायला हवी होती. जानेवारीत तो नुसत्या सदऱ्यावर गेला, आणि परत आला नाही.

त्यानंतर बाईंच्या भाड्याच्या खोलीत कोणीतरी येऊ लागलं. त्या हे सांगत तेव्हा आवाज अगदी खाली आणत, जणू मागच्या खोलीत कोणी बसलं आहे. कुलूप जसंच्या तसं असे. काही नाहीसं होत नसे. पण कंगव्याचे दात ठेवले होते त्याच्या उलट्या बाजूला असत. शाईची दौत डावीकडची उजवीकडे. "चोर घाई करतो," त्या म्हणाल्या. "हा घाई करत नव्हता. हा नीट ठेवून जात होता." त्यांनी तीन वेळा खोली बदलली. मग एका अमेरिकन इंजिनिअरशी लग्न करून इकडे आल्या. खोलीत येणारा तो कोण होता ते कधी कळलं नाही.

मग पुढे झुकून त्यांनी माझ्या मनगटावर हात ठेवला. "नाखबारिन, इथे इतकी वर्षं कोणी आलं नव्हतं. आता येतो आहे."

मी विचारलं, कशावरून? त्यांनी मला स्वयंपाकघरात नेलं. कात्री बघा, म्हणाल्या. त्यांची बोटं सांधेदुखीनं वाकडी झालेली, मिटलेली कात्री त्यांना उघडता येत नसे, म्हणून त्या ती कायम उघडीच ठेवत. आता ती मिटलेली होती. मागच्या दारापाशी बागेतले बूट त्या पालथे घालत, आत किडे जाऊ नयेत म्हणून. ते सरळ ठेवलेले होते. "कोणीतरी नीटनेटकं माणूस आहे," बाई म्हणाल्या. हीटर सुरू झाला की त्या घराच्या तळघरातून एक लांब उसासा येई. तो तेव्हा आला, आणि आम्ही दोघींनीही दाराकडे पाहिलं.

घरी येऊन मी तुमच्या मामीला सांगितलं. ती लॅपटॉपवरून मान वर न करता म्हणाली, "आई, त्यांना डिमेन्शिया असेल. माझ्या मैत्रिणीच्या सासऱ्यांचं असंच स्टार्ट झालं होतं."

"त्या घरातल्या वस्तू हलतात, ते मी डोळ्यांनी पाहिलं," मी म्हटलं.

"आपल्या घरातल्यापण हलतात. मी डिशवॉशरमध्ये चमचे लावते आणि पाच मिनिटांनी ते सगळे उलट्या तोंडाचे असतात. भूतच असेल."

"उलटे नाही, सरळ करते मी ते."

"तेच म्हणते मी," ती म्हणाली आणि हसली. मी रागावून माझ्या खोलीत गेले. त्या दिवशी मी आणखी थोडा विचार केला असता तर हे पत्र लिहावं लागलं नसतं.

डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात बाई मागच्या दारापाशी पडल्या. जमिनीवर झाडू आडवा पडला होता, त्यात पाय अडकला. हाड मोडलं नाही, मनगट काळंनिळं झालं. मी झाडू नेहमी भिंतीला उभा ठेवते, बाई म्हणाल्या, त्यानं खाली ठेवला. मुलगा दोन दिवस येऊन राहिला. तो मला अंगणात भेटला आणि हळू आवाजात इंग्रजीत बोलला. जानेवारीत एक तज्ज्ञ बाई घरी येऊन आईला तपासणार आहेत. त्यांच्या अहवालावर सगळं ठरेल. "तुम्ही रोज येता. आई घडलेलं नाही असं काही म्हणाली तर तुम्ही लिहून ठेवाल का? तुमच्यावर माझा विश्वास आहे."

आत गेले तर बाईंनीही तेच सांगितलं. "लिहा, नाखबारिन. कोणीतरी लिहिल्याशिवाय माझ्यावर विश्वास ठेवणार नाहीत."

दोघांनी एकाच वहीची मागणी केली, आणि मला त्यात काही वावगं वाटलं नाही. लिहिणं मला येतं. मी पट्टी घेऊन चार रकाने आखले: तारीख, बाई काय म्हणाल्या, मी काय पाहिलं, घरी कोण आलं होतं. रोज घरी येऊन पाच वाजता भरत असे. 'बाई म्हणतात कात्री उघडी होती. कात्री मिटलेली आहे. कोणी आलं नाही.' 'बाई म्हणतात बूट पालथे होते. बूट सरळ आहेत. कोणी आलं नाही.' मागच्या दाराला कडी आहे, पुढच्या दारासमोरच्या बर्फात माझ्याशिवाय कोणाच्या पावलांच्या खुणा नाहीत, हेही लिहिलं. महिन्याभरात हललेल्या वस्तूंच्या अकरा नोंदी झाल्या. त्या अकरा नोंदी मी तुम्हाला आजही तोंडपाठ सांगू शकेन.

त्या महिन्यात मला स्वतःलाही भीती वाटू लागली होती. तीन वाजता मी दारापाशी पोचले की आधी खिडकीतून पाही. बाई टेबलाशी ताठ बसलेल्या असत, हात मांडीवर, घरभर नजर फिरवत, एक एक वस्तू मनात टिपत. त्यांनी झोपणं कमी केलं होतं. एकदा म्हणाल्या, "तो तुमच्या येण्याच्या वेळेलाच येतो. तुमच्या आडून येतो." मी मागे वळून पाहिलं.

जानेवारीत तज्ज्ञ बाई आल्या. शांत, मऊ आवाजाच्या. मुलगा होता, मी होते. त्यांनी बाईंना वार विचारला, घड्याळाचं चित्र काढायला लावलं, तीन शब्द लक्षात ठेवायला सांगितले. बाईंनी सगळं बरोबर केलं, वर त्यांना सांगितलं की तुम्ही आल्यापासून पेन दोनदा बदललंत. मला वाटलं, जिंकल्या. मग मुलानं माझी वही पुढे केली. तज्ज्ञ बाई वाचू लागल्या, एक एक पान, बोट रकान्यावरून खाली नेत. "फार व्यवस्थित ठेवली आहे," मला म्हणाल्या.

बाईंनी पाहुण्यांसाठी बिस्किटांचा पुडा कापला होता. कात्री टेबलावर उघडीच होती. आणि मी, त्या वाचत असताना, बोलण्यातलं लक्ष न हलवता, हात पुढे केला आणि कात्री मिटवून ठेवली.

कात्री मिटल्याचा अगदी लहान आवाज झाला. मी माझ्या हाताकडे पाहिलं.

माझ्या आईनं मला सहाव्या-सातव्या वर्षी शिकवलं होतं. उघडी कात्री ठेवू नये, घरात भांडणं होतात. चप्पल पालथी दिसली की सरळ करावी. झाडू उभा ठेवू नये, लक्ष्मी आहे ती. मी एम.ए. झाले, मिशनच्या शाळेत शिकले, असल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही असं मी चारचौघांत कितीदा सांगितलं आहे. विश्वास नव्हताच. पण हाताला कोणी सांगितलं नव्हतं. सहा-सात महिने मी त्या घरात रोज जात होते, आणि जाता-येता माझे हात त्यांचं काम करत होते. झाडूही मीच आडवा ठेवला होता. चौथ्या रकान्यात अकरा वेळा लिहिलं होतं, कोणी आलं नाही. मी स्वतःला मोजलंच नव्हतं.

बाईंनी पाहिलं नाही. त्या तज्ज्ञ बाईंच्या चेहऱ्याकडे पाहत होत्या. त्या खोलीत हे फक्त मला माहीत होतं, आणि बोलायला एक वाक्य पुरलं असतं. ते वाक्य मी मनात इंग्रजीत जुळवू लागले. 'आमच्या संस्कृतीत' अशी सुरुवात करणारी वाक्यं मला कधी आवडली नाहीत. लोक तोंड भरून हसतात आणि मान हलवतात. मी दुसरी सुरुवात शोधत होते. शरम वाटली, हे तुम्हाला स्पष्ट सांगते. तेवढ्यात फाइल मिटली, तज्ज्ञ बाई उठल्या, मुलगा त्यांना गाडीपर्यंत सोडायला गेला. बाईंनी मला विचारलं, "वही उपयोगी पडली ना?"

मी हो म्हटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मुलाला फोन केला आणि सगळं सांगितलं. तो ऐकून घेत होता. मग म्हणाला, "तुम्ही फार चांगल्या आहात." त्याचा सूर मी ओळखला. त्याला वाटलं, मी मैत्रिणीला वाचवण्यासाठी रचून सांगते आहे. मी म्हटलं, मी खरं सांगते. तो म्हणाला, "पण तुम्हीच लिहिलं आहे की कोणी आलं नाही. आणि लिहिताना तुम्हाला काही सिद्ध करायचं नव्हतं."

तुमच्या मामीला सांगितलं तेव्हा तिनं लॅपटॉप बंद केला. "एक मिनिट. म्हणजे ते सगळं तुम्ही?" आणि मग, "आई, आत्ताच्या आत्ता रायटिंगमध्ये द्या." मी तज्ज्ञ बाईंना सविस्तर पत्र लिहिलं, कात्रीपासून झाडूपर्यंत. चार दिवसांनी दोन ओळींचं उत्तर आलं. पत्र मिळालं, फाइलला जोडलं आहे. तोवर त्या बंद दाराच्या जागी एक खोली रिकामी झालेली होती. फेब्रुवारीच्या पहिल्या सोमवारी बाईंना नेलं.

मी महिनाभरानं भेटायला गेले. मामीनं गाडीतून सोडलं. दुसऱ्या मजल्यावर सगळ्या दारांना आकडे दाबायची कुलपं होती. तिथल्या मदतनीस दिवसातून चार वेळा खोल्या आवरतात, उशी, पेला, चष्मा, सगळं आपापल्या पद्धतीनं ठेवतात. बाई खिडकीपाशी बसल्या होत्या. वह्या दिसल्या नाहीत. मी विचारलं, तर म्हणाल्या, कपाटात होत्या, आता नाहीत.

मी खुर्ची ओढून समोर बसले आणि जर्मनमधून सांगितलं. हळू, एक एक वाक्य. तुमच्या घरात कोणी येत नव्हतं. मी होते. माझ्या हाताला सवय आहे. तुम्ही बरोबर पाहत होतात. त्यांना बरं वाटेल, अशी माझी समजूत होती. इतक्या वर्षांनी कोणी त्यांच्या मागावर आलेलं नाही, हे कळून भीती जाईल.

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. डोळे अगदी स्वच्छ होते, कसलाही गोंधळ नव्हता.

"तुम्ही रोज लिहीत होतात," त्या म्हणाल्या.

"हो."

"प्रत कोणाकडे जात होती?"

मी म्हटलं, प्रत नव्हती, वही तुमच्या मुलाकडे दिली. त्यांनी मान हलवली. ते त्यांना ठाऊकच होतं, असं वाटलं.

"तुम्हाला लिहायला कोणी सांगितलं?"

"त्यानं. आणि तुम्हीही."

"मी," त्या म्हणाल्या, तो शब्द तोलल्यासारखा. "आता हे सगळं सांगायला कोणी पाठवलं?"

कोणी नाही, मी म्हटलं. मी त्यांचा हात धरायला गेले. त्यांनी तो हळूच काढून घेतला, मांडीवर ठेवला आणि दारातल्या मदतनीस मुलीला हाक मारली. माझ्याशी कधी वापरत नसत त्या इंग्रजीत, अगदी सभ्यपणे म्हणाल्या, "या बाई ऑफिसातून आल्या आहेत. त्यांचं काम झालं आहे. त्यांना बाहेर सोडा."

मुलगी मला दारापर्यंत घेऊन आली. "वाईट वाटून घेऊ नका," म्हणाली, "त्या सगळ्यांनाच असं म्हणतात." मी तिला सांगणार होते की तसं नाही. पण तिनं एका हाताचा आडोसा करून दुसऱ्या हातानं आकडे दाबले, दार उघडलं, आणि मी बाहेर पडेपर्यंत ते धरून उभी राहिली.